गेम खेळताना फोन अटकतो? स्क्रीन रिझोल्यूशन कमी करून खरंच फरक पडतो का? संपूर्ण माहिती

मी नागपूरच्या महालातला. नोकरीने सॉफ्टवेअर इंजिनिअर असल्यामुळे गल्लीतल्या पोरांचे फोन अधूनमधून माझ्याकडे येतातच. एप्रिल-मे लागला की एकच तक्रार असते: "दादा, गेम लय अटकून राहिला, नवीन फोन घ्यावा लागते का?" घरात एकच बरा फोन, त्यावरच आईचं यूपीआय, ताईचा अभ्यास आणि भावाचा बीजीएमआय. अशा घरात पंधरा-वीस हजारांचा नवीन फोन म्हणजे मोठा खर्च. म्हणून आधी हातातल्या फोनकडून काय काम करून घेता येतं ते पाहू.

त्यासाठी सगळ्यात जास्त सांगितला जाणारा उपाय म्हणजे स्क्रीन रिझोल्यूशन कमी करणं. उपाय खरा आहे, पण प्रत्येक फोनवर आणि प्रत्येक वेळी चालत नाही. तो कधी चालतो, कधी चालत नाही आणि फोनला धोका न होता कसा करायचा, हे आजच्या लेखात सविस्तर पाहूया.

रिझोल्यूशन म्हणजे नेमकं काय?

फोनची स्क्रीन छोट्या छोट्या ठिपक्यांची बनलेली असते. या ठिपक्यांना पिक्सेल म्हणतात. आडवे किती आणि उभे किती पिक्सेल, हा आकडा म्हणजे रिझोल्यूशन. बाजारातल्या फोनमध्ये साधारण तीन प्रकार दिसतात:

- एचडी प्लस: ७२० × १६०० = ११,५२,००० पिक्सेल
- फुल एचडी प्लस: १०८० × २४०० = २५,९२,००० पिक्सेल
- क्वाड एचडी प्लस: १४४० × ३२०० = ४६,०८,००० पिक्सेल

म्हणजे फुल एचडी प्लसमध्ये एचडी प्लसच्या सव्वादोन पट पिक्सेल असतात आणि क्वाड एचडी प्लसमध्ये बरोबर चौपट. नावावरून फरक छोटा वाटतो, पण काम दुपटीच्या वर वाढतं.

पिक्सेल कमी केल्यावर गेम का पळतो?

गेम म्हणजे भराभर काढलेली चित्रं. एका चित्राला फ्रेम म्हणतात आणि एका सेकंदात किती फ्रेम निघतात तो एफपीएस. ६० एफपीएस हवे असतील तर एका फ्रेमसाठी फोनकडे फक्त १६.७ मिलिसेकंद असतात. ९० एफपीएसला ११.१ आणि १२० ला जेमतेम ८.३ मिलिसेकंद.

या वेळेत दोन जण काम करतात. सीपीयू हिशोब करतो: शत्रू कुठे आहे, गोळी कुठे लागली, गाडी कशी वळली. जीपीयू चित्र काढतो: प्रत्येक पिक्सेलचा रंग, सावली, प्रकाश. रिझोल्यूशन कमी केलं की जीपीयूचं काम कमी होतं. सीपीयूचं काम होतं तेवढंच राहतं. हे एक वाक्य लक्षात ठेवलं तर पुढचा सगळा लेख सोपा जाईल.

एक उदाहरण घेऊ. आकडे फक्त समजण्यासाठी आहेत. समजा, एका फ्रेमला सीपीयू १२ मिलिसेकंद घेतो आणि जीपीयू २२. दोघं सोबत काम करतात, पण फ्रेम पूर्ण व्हायला हळू असलेल्याची वाट बघावी लागते. म्हणून फ्रेमला २२ मिलिसेकंद लागतात आणि आपल्याला ४५ च्या आसपास एफपीएस मिळतात. आता जीपीयूच्या २२ पैकी १६ मिलिसेकंद पिक्सेल रंगवण्यात जात असतील, तर फुल एचडी प्लसवरून एचडी प्लसवर आल्यावर ते १६ चे साधारण ७ होतील. एकूण जीपीयूला १३ मिलिसेकंद लागतील आणि गेम आरामात ६० वर जाईल.

मग फरक कधी पडत नाही?

आता तेच उदाहरण उलटं करा. सीपीयूला २४ मिलिसेकंद लागतात आणि जीपीयूला १५. इथे तुम्ही रिझोल्यूशन अर्धं करा नाहीतर पाव करा, फ्रेमला २४ मिलिसेकंद लागणारच. एफपीएस ४१ चे ४१ आणि वरून चित्र धूसर. खूप खेळाडू एकाच ठिकाणी उतरतात तेव्हा बऱ्याच फोनवर असंच होतं, कारण तिथे हिशोबाचं काम वाढलेलं असतं.

आणखी तीन ठिकाणी हा उपाय कामाचा नाही:

१. तुमचा फोन मुळातच एचडी प्लस असेल तर. अनेक स्वस्त फोन ७२० पिक्सेलचेच असतात. तिथे कमी करायला फारसं काही उरत नाही.

२. गेम आधीच कमी पिक्सेलमध्ये चित्र काढत असेल तर. बरेच मोठे गेम कमी ग्राफिक्सवर ठेवले की आतल्या आत लहान चित्र काढतात आणि ते ताणून पूर्ण स्क्रीनवर दाखवतात.

३. अडचण नेटवर्कची असेल तर. समोरचा खेळाडू एका जागेवरून एकदम दुसऱ्या जागेवर उडी मारताना दिसत असेल, पण तुमचा कॅमेरा मऊ फिरत असेल, तर तो पिंगचा प्रश्न आहे. महालाच्या जुन्या वस्तीत जाड भिंतींच्या आतल्या खोलीत सिग्नल कमी मिळणं काही नवीन नाही. तिथे खिडकीजवळ बसणं किंवा वायफाय राउटर हलवणं जास्त कामाचं.

नागपूरचा उन्हाळा आणि तुमचा फोन

आपल्याकडे याहून मोठं कारण म्हणजे उष्णता. मे २०१३ मध्ये नागपूरचं तापमान ४७.९ अंशांवर गेलं होतं. दरवर्षी एवढं होत नाही, पण मे महिन्यात ४२-४३ अंश आपल्याला सवयीचे. आता दुसरी बाजू बघा: ॲपल आयफोनबद्दल सांगते की तो ० ते ३५ अंश तापमानात वापरावा आणि बंद ठेवायचा असेल तरी ४५ अंशांच्या वर ठेवू नये. म्हणजे नागपूरच्या कडक दुपारी फोन नुसता हातात धरला तरी तो कंपनीने आखलेल्या मर्यादेच्या बाहेर असतो. अँड्रॉइड फोनचं गणितही फार वेगळं नाही.

फोनमध्ये पंखा नसतो. आत तयार झालेली उष्णता मागच्या कव्हरमधून आणि स्क्रीनमधून बाहेरच्या हवेत जाते. बाहेरची हवाच ४० अंश असेल तर ती जाणार कुठे? मग फोन स्वतःला वाचवण्यासाठी प्रोसेसरचा वेग कमी करतो. याला थर्मल थ्रॉटलिंग म्हणतात. सोबत ब्राइटनेस आपोआप उतरतो आणि चार्जिंग हळू होतं. पहिली दहा मिनिटं मस्त चाललेला गेम नंतर अटकायला लागतो तो यामुळे.

इथे कमी रिझोल्यूशनचा खरा फायदा दिसतो. जीपीयूला कमी काम असलं की तो कमी वेगावर, कमी व्होल्टेजवर चालतो, म्हणजे उष्णताही कमी. एफपीएस ६० वरच अडवलेला असेल तर आकडा वाढलेला दिसणार नाही, पण तेच ६० विसाव्या मिनिटालाही टिकतील. माझ्या मते आपल्या भागात रिझोल्यूशन कमी करायचं ते यासाठीच: सर्वात मोठा आकडा गाठायला नाही, आहे तो आकडा मॅच संपेपर्यंत टिकवायला.

अपेक्षा मात्र योग्य ठेवा. गेमचं चित्र लहान आकारात काढण्याची जी सोय अँड्रॉइडमध्ये आहे, तिच्याबद्दल गूगल सांगतं की जीपीयूचा भार ३० टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकतो, पण पूर्ण फोनचा वीजवापर १० टक्क्यांपर्यंतच कमी होतो. कारण स्क्रीनचा उजेड, सीपीयू आणि नेटवर्क यांचा खर्च तसाच चालू राहतो.

आधी हे तपासा

सेटिंगला हात लावण्याआधी अर्धा तास काढा आणि या तीन चाचण्या करा. एफपीएस बघायला तुमच्या फोनचं गेमिंग पॅनेल वापरा. शाओमीमध्ये गेम टर्बो, सॅमसंगमध्ये गेम बूस्टर, इतरांमध्ये वेगळ्या नावाने असंच काहीतरी असतं. डेव्हलपर ऑप्शनमध्ये रिफ्रेश रेट दाखवण्याची जी सोय आहे, ती स्क्रीनचा वेग दाखवते, गेमचा नाही. तिच्यावर जाऊ नका.

चाचणी १: फोन थंड असताना, चार्जर काढून, गेम नेहमीच्या सेटिंगवर पाच मिनिटं ट्रेनिंग मैदानात खेळा. एफपीएस लिहून ठेवा.

चाचणी २: ग्राफिक्स एकदम खाली आणा, फ्रेम रेट आहे तोच ठेवा आणि त्याच जागी परत पाच मिनिटं खेळा. एफपीएस वाढला, तर अडचण जीपीयूची होती आणि रिझोल्यूशन कमी करून फायदा होईल. तेवढाच राहिला, तर अडचण सीपीयूची आहे, किंवा गेमने एफपीएस तिथेच अडवून ठेवला आहे.

चाचणी ३: आता सलग वीस मिनिटं खेळा. सुरुवातीचा आणि शेवटचा एफपीएस यात मोठा फरक असेल, तर दोषी उष्णता आहे.

पद्धत १: गेमच्या आतली सेटिंग (सगळ्यात सुरक्षित)

सुरुवात नेहमी इथून करा. काही बिघडत नाही आणि बाकी फोन जसाच्या तसा राहतो.

बीजीएमआयमध्ये ग्राफिक्स 'स्मूद'वर ठेवा. अँटी-एलायझिंग आणि शॅडो बंद करा. फ्रेम रेटमध्ये 'अल्ट्रा' म्हणजे ४० आणि 'एक्स्ट्रीम' म्हणजे ६०. भर उन्हाळ्यात फोन ६० टिकवू शकत नसेल तर ४० वर खेळा. सलग ४० हे कधी ६० तर कधी २८ यापेक्षा हाताला बरे वाटतात, कारण नेम धरताना अंदाज चुकत नाही. गेनशिन इम्पॅक्टमध्ये 'रेंडर रिझोल्यूशन' नावाची वेगळी सेटिंगच आहे. ती एक पायरी खाली आणली की गेमचं चित्र कमी पिक्सेलमध्ये निघतं.

पद्धत २: फोनचा गेम मोड

अँड्रॉइड १२ पासून गूगलने गेम मोड आणला. त्यात परफॉर्मन्स आणि बॅटरी असे पर्याय असतात आणि काही फोनमध्ये त्या एका गेमपुरतंच रिझोल्यूशन कमी करता येतं. व्हॉट्सॲप, यूट्यूब आधीसारखंच स्पष्ट राहतं, म्हणून ही पद्धत मला जास्त आवडते. हा पर्याय प्रत्येक फोनमध्ये आणि प्रत्येक गेममध्ये दिसेलच असं नाही. तुमच्या फोनचं गेमिंग पॅनेल उघडून बघा.

पद्धत ३: सेटिंगमधून पूर्ण फोनचं रिझोल्यूशन

सॅमसंगच्या क्वाड एचडी प्लस फोनमध्ये सेटिंग, मग डिस्प्ले, मग स्क्रीन रिझोल्यूशन असा रस्ता आहे. इतर कंपन्यांच्या महागड्या फोनमध्येही डिस्प्लेच्या खाली असा पर्याय मिळतो. तिथून एक पायरी खाली या. क्वाडवरून फुल एचडी प्लसवर आलात तर रोजच्या वापरात फरक ओळखू येणं कठीण आहे.

आयफोनमध्ये रिझोल्यूशन बदलायची सोय नाही. तिथे गेमच्या आतली सेटिंग आणि आयओएस १८ पासून आलेला गेम मोड, एवढंच हातात आहे.

पद्धत ४: कॉम्प्युटर जोडून एडीबीने (जपून!)

ज्या फोनमध्ये पर्यायच नाही, तिथे डेव्हलपर ऑप्शन आणि यूएसबी डीबगिंग सुरू करून, कॉम्प्युटरवरून एडीबीच्या 'डब्ल्यूएम साइज' या कमांडने रिझोल्यूशन बदलता येतं. करायचंच असेल तर हे नियम पाळा:

- प्रमाण बिघडवू नका. १०८० × २४०० चं ७२० × १६०० होतं, कारण दोन्ही आकडे दोन तृतीयांश झाले. मनाने आकडे टाकले तर चित्र ताणलेलं दिसतं किंवा बटणं स्क्रीनबाहेर जातात.
- डेन्सिटीही त्याच प्रमाणात 'डब्ल्यूएम डेन्सिटी' कमांडने कमी करा. ४२० असेल तर २८०. नाहीतर अक्षरं आणि आयकॉन अवाढव्य होतात.
- दोन्ही कमांडपुढे 'रीसेट' लिहिलं की फोन मूळ जागी येतो. हे आधी पाठ करा, मग बदल करा.
- फोन रीस्टार्ट केला तरी हा बदल जात नाही. म्हणून कॉम्प्युटरची परवानगी काढू नका आणि केबल हाताशी ठेवा.
- काम झालं की डेव्हलपर ऑप्शन बंद करा. ते सुरू असेल तर काही बँकांची ॲप उघडतच नाहीत.

घरातला एकच फोन असेल, तर ही चौथी पद्धत करू नका, असंच मी सांगेन. भाजीवाल्यासमोर आईचं पेमेंट अडलं तर दहा एफपीएस जास्त मिळून उपयोग काय?

डीपीआय बदलणं म्हणजे रिझोल्यूशन कमी करणं नाही

डेव्हलपर ऑप्शनमध्ये 'स्मॉलेस्ट विड्थ' नावाची सेटिंग असते. फ्री फायर खेळणारे तिला डीपीआय म्हणतात आणि हेडशॉटसाठी वाढवतात. या सेटिंगने फक्त आयकॉन-अक्षरांचा आकार बदलतो. जीपीयूला रंगवायचे पिक्सेल तेवढेच राहतात, त्यामुळे गेम पळण्याशी तिचा संबंध नाही. फार मोठा आकडा टाकला तर अक्षरं इतकी बारीक होतात की परत सेटिंग शोधणंही अवघड जातं.

तोटे कोणते?

साडेसहा इंची फुल एचडी प्लस स्क्रीनवर एका इंचात साधारण ४०५ पिक्सेल असतात. एचडी प्लसवर ते २७० होतात. शिवाय ७२० चं चित्र १०८० च्या स्क्रीनवर दीडपट ताणावं लागतं. एका ठिपक्याचे दीड ठिपके होत नाहीत, म्हणून कडा आणि बारीक अक्षरं थोडी धूसर दिसतात.

गेममध्येही किंमत मोजावी लागते. दूरवरचा शत्रू १०८० वर १२ पिक्सेल उंच दिसत असेल, तर ७२० वर तो फक्त ८ पिक्सेलचा होतो. लांबून नेम धरून खेळायची सवय असेल तर हे जाणवणार. जवळच्या मारामारीत फारसं नाही.

जीएफएक्स टूल वापरावं का?

नको. ही बाहेरची ॲप गेमच्या फाइल बदलतात. ते गेमच्या नियमात बसत नाही, आयडी बॅन होऊ शकतो आणि वर्षभर जमवलेलं सगळं जातं. शिवाय अशा ॲपला फोनमधल्या फाइलची परवानगी द्यावी लागते. ज्या फोनमध्ये यूपीआय आहे, त्यात हा धोका कशाला?

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

*फोन कूलरसमोर धरला तर चालेल का?*
खोलीत कूलर लावणं उत्तम. खोलीचं तापमान उतरलं की कुठल्याही सेटिंगपेक्षा जास्त फायदा होतो. पण ओल्या पॅडच्या अगदी तोंडाशी फोन धरू नका. दमट हवा आणि पाण्याचे तुषार चार्जिंग पोर्टमध्ये जातात.

*फ्रिजमध्ये पाच मिनिटं ठेवला तर?*
अजिबात नाही. थंड फोन गरम हवेत आला की आत-बाहेर दव धरतं. कव्हर काढा, फोन सावलीत, पंख्याखाली उघड्यावर ठेवा.

*चार्जिंगला लावून खेळलं तर?*
प्रोसेसर आणि बॅटरी दोन्ही एकदम तापतात. आधी चार्ज करा, मग खेळा.

*रिझोल्यूशन कमी केल्यावर बॅटरी जास्त चालते का?*
गेम खेळताना थोडी. नुसतं व्हॉट्सॲप-यूट्यूबवर फरक जाणवणार नाही. तिथे ब्राइटनेस कमी केलेला बरा.

*यामुळे स्क्रीन खराब होते का?*
नाही. पिक्सेल तेवढेच असतात, फक्त त्यांना मिळणारं चित्र लहान असतं.

मग करायचं काय?

आधी फोन थंड ठेवा: कव्हर काढा, चार्जर काढा, दुपारी वरच्या मजल्यावरच्या तापलेल्या खोलीपेक्षा तळमजल्यावर बसा. मग तीन चाचण्या करा. अडचण जीपीयूची किंवा उष्णतेची निघाली तर आधी गेमच्या आतून, नंतर गेम मोडमधून आणि गरज पडली तरच पूर्ण फोनचं रिझोल्यूशन कमी करा. सीपीयूची निघाली तर फ्रेम रेट एक पायरी खाली आणा. तरीही गेम सर्वात खालच्या सेटिंगवर, थंड खोलीत, पहिल्या पाच मिनिटांतच अटकत असेल, तरच म्हणा की त्या गेमसाठी फोन कमी पडतो. तोपर्यंत घरच्यांकडे नवीन फोनचा विषय काढू नका.

तुमच्या फोनचं मॉडेल आणि तीन चाचण्यांचे आकडे कमेंटमध्ये लिहा, कुठली पद्धत लागू पडेल ते मी सांगेन. माहिती उपयोगी वाटली तर तुमच्या स्क्वॉडमधल्या मित्रांनाही नक्की पाठवा.